ली ब्रॅकेट: एका पटकथालेखिकेबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हम्फ्री बोगार्टचा 'द बिग स्लीप' (१९४६), जॉन वेनचा 'रिओ ब्राव्हो' (१९५९), रॉबर्ट ऑल्टमनचा 'द लाँग गुडबाय' (१९७३) आणि स्टार वॉर्स मालिकेतला 'द एम्पायर स्ट्राइक्स बॅक' (१९८०) या चारही चित्रपटांच्या श्रेयनामावलीत पटकथेसाठी ली ब्रॅकेट हे नाव येतं. ही चार वेगळी माणसं नव्हेत, एकच बाई. हे कळल्यावर लोक जे विचारतात ते इथे एकत्र केलं आहे. काही उत्तरांत चित्रपटांचे शेवट उघड होतात. ज्यांना ते आधी कळायला नको असतील, त्यांनी 'द लाँग गुडबाय' आणि 'एम्पायर'बद्दलची उत्तरं चित्रपट पाहिल्यावरच वाचावीत.

ली ब्रॅकेट कोण होती?

अमेरिकन कथालेखिका, कादंबरीकार आणि पटकथालेखिका. जन्म ७ डिसेंबर १९१५, लॉस एंजेलिस. १९१८ च्या इन्फ्लुएंझाच्या साथीत वडील गेले, तेव्हा ती धड तीन वर्षांचीही नव्हती. पुढे आई आणि आजोबांनी तिला सँटा मोनिकाला, समुद्राकाठी वाढवलं. पहिली विज्ञानकथा फेब्रुवारी १९४० मध्ये 'अस्टाउंडिंग' मासिकात छापून आली. त्यानंतर स्वस्त कागदावर छापल्या जाणाऱ्या कथामासिकांत तिच्या मंगळावरच्या आणि शुक्रावरच्या साहसकथा नेमानं येऊ लागल्या. सोबतीला रहस्यकथाही होत्याच. सिनेमा आला तो या सगळ्यानंतर.

'ली' हे पुरुषी टोपणनाव होतं का?

नाही. ली डग्लस ब्रॅकेट हे तिचं खरंखुरं नाव. नावावरून बाई की पुरुष हे वाचकाला कळत नसे, इतकंच.

दिग्दर्शक हॉवर्ड हॉक्सनं तिला पुरुष समजून बोलावलं होतं, ही गोष्ट खरी की दंतकथा?

खरी. ती स्वतः ती सांगत असे. १९४४ मध्ये तिची 'नो गुड फ्रॉम अ कॉर्प्स' ही खाजगी गुप्तहेराची कादंबरी निघाली. हॉक्स त्या वेळी वॉर्नर ब्रदर्ससाठी रेमंड चँडलरच्या 'द बिग स्लीप'वर चित्रपट करण्याच्या खटपटीत होता. त्याला या कादंबरीतले संवाद आवडले आणि त्यानं सेक्रेटरीला त्या ब्रॅकेट नावाच्या माणसाला बोलावून घ्यायला सांगितलं. दारातून आत आली ती अठ्ठावीस वर्षांची तरुणी. हॉक्सनं काम तरीही तिलाच दिलं, आणि पुढची पंचवीस वर्षं तो तिला पुन्हा पुन्हा बोलावत राहिला.

हा किस्सा लोक गंमत म्हणून सांगतात. मला त्यात वेगळंच दिसतं. कादंबरीवर बाईचं नाव आहे हे आधी कळलं असतं, तर कदाचित ती उघडलीही गेली नसती.

तो निरोप आला तेव्हा ती 'प्लॅनेट स्टोरीज' या मासिकासाठी एक दीर्घकथा लिहीत होती आणि ती अर्धी झाली होती. ती तशीच सोडून स्टुडिओत जावं लागणार होतं. मग उरलेली कथा तिनं आपल्या एका तरुण मित्राला पुरी करायला दिली. तो मित्र म्हणजे रे ब्रॅडबरी. दर रविवारी सँटा मोनिकाच्या वाळूवर ब्रॅडबरी आपल्या कथा तिला वाचायला देई आणि ती त्या तपासून देई. पुढे प्रचंड नाव कमावलेल्या त्या लेखकानं तिला आपली गुरू मानलं, ते या रविवारांमुळे. ती जोडकथा १९४६ मध्ये दोघांच्या नावानं आली.

कादंबरीकार विल्यम फॉकनरबरोबर तिनं 'द बिग स्लीप'ची पटकथा लिहिली म्हणजे दोघं एकत्र बसत होते का?

अजिबात नाही. पहिल्याच दिवशी फॉकनर चँडलरची कादंबरी घेऊन आला आणि एकाआड एक प्रकरणं वाटून घेऊ असं ठरवून आपल्या खोलीत निघून गेला. ती तिच्या खोलीत, तो त्याच्या. एकानं काय लिहिलं हे दुसऱ्यानं वाचलं नाही, दोघांची पानं थेट हॉक्सकडे जात. वागायला फॉकनर अतिशय सभ्य होता, कायम 'मिस ब्रॅकेट' म्हणायचा. पुढे तिनं त्याच्याबद्दल स्पष्ट मत दिलं: कथेची बांधणी उत्तम, पण संवाद नटाच्या तोंडात नीट बसत नसत आणि सेटवर बदलावे लागत. नोबेल मिळालेल्या लेखकाबद्दल इतकं नेमकं बोलायला स्वतःच्या कामावर विश्वास असावा लागतो. आणि हे बोलताना तिच्या सुरात कुठेही कुरघोडी नाही.

नंतर ज्यूल्स फर्थमन या अनुभवी लेखकानं त्यावर हात फिरवला. चित्रीकरण १९४५ च्या सुरुवातीला संपलं, चित्रपट परदेशातल्या अमेरिकन सैनिकांना दाखवलाही गेला. मग नायिका लॉरेन बकॉलला अधिक वाव हवा म्हणून जानेवारी १९४६ मध्ये नवे प्रसंग चित्रित झाले. बोगार्ट आणि बकॉल घोड्यांच्या शर्यतीच्या आडून एकमेकांना चाचपडतात तो गाजलेला प्रसंग त्यातलाच, आणि तो लिहिला फिलिप एप्स्टाइननं. म्हणजे श्रेयनामावलीत नावं तीन, हात त्याहून जास्त. पटकथा हा एकत्र कुटुंबातला स्वयंपाक असतो, फोडणी कुणाची ते पंगतीला कळत नाही. ब्रॅकेटच्या कारकिर्दीबद्दल बोलताना हे सतत ध्यानात ठेवावं लागतं, कारण तिनंही ते कायम ध्यानात ठेवलं होतं.

बोगार्टनं तिला 'बुच' हे नाव का दिलं?

काही संवाद हातात पडले तेव्हा बोगार्टला ते फारच मिळमिळीत वाटले. बाईनं लिहिले असणार, अशी त्याची खात्री. तो तिच्याकडे तक्रार घेऊन आला. तिनं पानं पाहिली आणि ती फॉकनरची असल्याचं सांगितलं. धारदार, रांगडे संवाद होते ते तिचे! तेव्हापासून त्यानं तिला हे दांडगट पुरुषाला शोभणारं नाव ठेवलं, आणि एखादी ओळ अजून कडक हवी असली की तो तिलाच गाठू लागला.

'द बिग स्लीप'मध्ये शोफरचा खून कुणी केला?

कुणालाच माहीत नाही. चित्रीकरणाच्या वेळी हा प्रश्न उभा राहिला, कादंबरी पुन्हा चाळूनही उत्तर मिळेना, तेव्हा चँडलरला तार केली गेली. त्यालाही सांगता आलं नाही.

कथानक इतकं गुंतागुंतीचं वाटण्याचं आणखी एक कारण सेन्सॉरचं आहे. कादंबरीतला गायगर अश्लील पुस्तकं भाड्यानं देतो, हाच त्याचा धंदा. त्या काळच्या आचारसंहितेत हे पडद्यावर सांगायची सोय नव्हती. म्हणून चित्रपटात तो दुर्मीळ पुस्तकांचा दुकानदार म्हणून येतो आणि त्याच्याभोवती सगळे इतके का घाबरलेले आहेत हे प्रेक्षकानं आपलं आपण ताडायचं. कारणं झाकून परिणाम तेवढे दाखवायचे, अशा कोंडीत ती पहिल्याच मोठ्या कामात सापडली.

त्या काळी इतर बायका पटकथा लिहीत नव्हत्या का?

लिहीत होत्या, आणि आधी तर खूपच जास्त. मूकपटांच्या जमान्यात फ्रान्सिस मॅरियन, अनिता लूस, जून मॅथिस ही हॉलिवूडमधली वजनदार नावं होती. मॅरियनला तर बोलपट आल्यावर दोन ऑस्कर मिळाले. पण स्टुडिओ मोठे झाले, पैसा वाढला, तशी ही जागा आक्रसत गेली आणि उरलेल्या लेखिकांकडे 'बायकांचे चित्रपट' वळते होऊ लागले. वॉर्नरमध्येच त्या वर्षांत कॅथरीन टर्नी होती. बेट डेव्हिस आणि बार्बरा स्टॅनविक यांच्यासाठी तिनं उत्तम लिहिलं, पण वाट्याला आलं ते कौटुंबिक नाट्यच.

ब्रॅकेटचं वेगळेपण इथे आहे. तिच्या हाती गुप्तहेर आले, घोडे आले, बंदुका आल्या. पडद्यावर तिचं नाव पहिल्यांदा झळकलं तेही रिपब्लिक कंपनीच्या 'द व्हॅम्पायर्स घोस्ट' (१९४५) या भयपटामुळे.

१९४६ नंतर दहाबारा वर्षं ती सिनेमातून गायब का झाली?

३१ डिसेंबर १९४६ ला तिनं विज्ञानकथाकार एडमंड हॅमिल्टनशी लग्न केलं. ब्रॅडबरी नवऱ्याचा करवला होता. काही वर्षांनी दोघं ओहायो राज्यातल्या किन्समन या गावी एका जुन्या शेतघरात राहायला गेली. गायब वगैरे काही नाही, ती भरपूर लिहीत होती. तिच्या गाजलेल्या मंगळकथा याच काळातल्या. 'द लाँग टुमॉरो' (१९५५) ही तिची सर्वोत्तम कादंबरी म्हणता येईल तीही तेव्हाचीच. अणुयुद्धानंतरच्या अमेरिकेत मोठी शहरं उभारायला राज्यघटनेनंच बंदी घातली आहे, आणि दोन मुलं ज्ञानाच्या शोधात घर सोडतात. किन्समनच्या आसपास घोडागाड्यांतून फिरणारा आमिश समाज राहत होता, तो कादंबरीत सरळ उतरला आहे.

माझ्या मते या वर्षांनीच तिला तारलं. कथा-कादंबरीतला शब्द न् शब्द तिचा, त्याला हात लावायला कुणी दिग्दर्शक नाही. ते घर शाबूत होतं, म्हणून सिनेमातल्या काटछाटीनं ती कडवट झाली नाही.

'रिओ ब्राव्हो'मध्ये तिचा वाटा किती?

पटकथा तिची आणि फर्थमनची. शेवटच्या डायनामाइटच्या चकमकीची कल्पना हॉक्सच्या मुलीची. गोष्ट साधी आहे: शेरीफनं एका खुन्याला तुरुंगात टाकलंय, त्याचा श्रीमंत भाऊ त्याला सोडवायला माणसं पाठवणार, आणि शेरीफच्या मदतीला आहेत एक दारुडा, एक लंगडा म्हातारा आणि एक पोरगा. 'हाय नून' या चित्रपटातला मार्शल गावभर मदत मागत फिरतो, हे हॉक्सला पटलं नव्हतं. त्याला हे उत्तर होतं.

पाहताना डीन मार्टिननं केलेल्या दारुड्या ड्यूडकडे नीट लक्ष द्या. सुरुवातीच्या प्रसंगात कुणीही बोलत नाही. त्याला प्यायचंय, खिशात पैसे नाहीत, आणि एक जण मुद्दाम पिकदाणीत नाणं टाकतो. ड्यूड वाकतो, तेवढ्यात शेरीफ पिकदाणी लाथाडतो. पुढे बऱ्याच वेळानं, थरथरत्या हातानं पेल्यात ओतलेली दारू ड्यूड एक थेंबही न सांडता परत बाटलीत ओततो. तेवढ्या एका कृतीतून माणूस कुठून कुठे आला ते कळतं. नेमकी कुठली ओळ कुणाची हे सांगता येत नाही, पण पडलेल्या माणसाची लाज न झाकता आणि त्याला कमी न लेखता लिहिणं ब्रॅकेटच्या कादंबऱ्यांतही जागोजाग दिसतं.

या चित्रपटावरून तिनं त्याच वर्षी कादंबरीही लिहिली.

'एल डोराडो' हा 'रिओ ब्राव्हो'च नाही का?

हॉक्सचाच नंतरचा हा चित्रपट, आणि बराचसा तोच. आणि याचं सगळ्यात जास्त वाईट वाटलं ते तिलाच. हॅरी ब्राउनच्या कादंबरीवरून तिनं एक शोकांतिका लिहिली होती, नायक शेवटी मरतो अशी. आयुष्यात लिहिलेली सर्वात चांगली पटकथा, असं ती तिच्याबद्दल म्हणे. हॉक्सलाही ती आवडली होती. पण चित्रीकरण जवळ आलं तसा तो कचरला आणि पुन्हा दारुडा शेरीफ, पुन्हा तुरुंग, पुन्हा म्हातारा मदतनीस असं करत आपल्या जुन्या वाटेवर गेला. 'रिओ ब्राव्हो'मधला एक प्रसंग जसाच्या तसा घ्यायला तिनं विरोध केला, तर जॉन वेननं आपल्या भल्यामोठ्या उंचीवरून तिला ऐकवलं की एकदा चाललं ते दुसऱ्यांदाही चालेल. समोर हॉक्स आणि वेन दोघं. तिनं लिहून दिलं.

तरीही हा चित्रपट बघण्यासारखा आहे. वेन आणि रॉबर्ट मिचम या दोन थकत चाललेल्या बंदूकबाजांच्या दोस्तीत म्हातारपणाची चाहूल आहे, ती 'रिओ ब्राव्हो'त नाही. मूळ शोकांतिकेची सावली उरली असेल तर ती तिथेच. मधल्या काळात 'हटारी' (१९६२) आणि शेवटी 'रिओ लोबो' (१९७०) धरून हॉक्ससाठी वेनचे चार चित्रपट तिनं लिहिले.

हॉक्सच्या चित्रपटांतल्या ठाम, हजरजबाबी बायका तिनं घडवल्या का?

पुरत्या नाहीत. तशा बायका हॉक्सच्या चित्रपटांत ती येण्याआधीपासून होत्या. पुरुषांच्या बरोबरीनं बोलणारी, आपणहून पुढाकार घेणारी बाई हॉक्सला आवडे, आणि ब्रॅकेटचं म्हणणं असं की म्हणूनच त्याच्याकडे काम करणं तिला जमलं. रडूबाई नायिका लिहिण्यात तिला रस नव्हता. 'रिओ ब्राव्हो'मधली फेदर्स शेरीफला संशयाचा जाब विचारते आणि गावातून निघून जायला साफ नकार देते. अँजी डिकिन्सननं ती भूमिका केली. फेदर्स ब्रॅकेटनं एकटीनं निर्माण केली नसेल, पण इतक्या सहजतेनं तशी बाई कुणाला लिहिता येत होती, हे उघड आहे.

टेलिव्हिजनसाठी तिनं काय लिहिलं?

चित्रपटांच्या मानानं थोडं. १९६३ मध्ये 'द अल्फ्रेड हिचकॉक अवर'साठी 'डेथ ऑफ अ कॉप' आणि 'टेरर ॲट नॉर्थफील्ड' हे दोन भाग. या मालिकेमागे जोन हॅरिसन होती, जी स्वतः आधी हिचकॉकची पटकथालेखिका होती. दोन्ही भाग इतरांच्या कथांवरचे, दोन्हींत बापाच्या हातून सूड. तासाभराचा भाग जाहिराती वजा जाता पन्नासेक मिनिटांचा, आणि दर जाहिरातीच्या आधी प्रेक्षक खिळून राहील असं वळण हवं. मासिकांच्या कथांत मुरलेल्या हाताला हे नवं नव्हतं.

१९७५ मध्ये जेम्स गार्नरच्या 'द रॉकफर्ड फाइल्स'चा 'द फोर पाउंड ब्रिक' हा भाग तिनं जुआनिटा बार्टलेटबरोबर लिहिला. चँडलरच्या गुप्तहेरापासून निघालेली बाई टीव्हीवरच्या, ट्रेलरमध्ये राहणाऱ्या आणि नेहमी पैशांच्या ओढाताणीत असलेल्या गुप्तहेरापर्यंत आली.

'द लाँग गुडबाय'चा शेवट तिनं का बदलला?

कारण चँडलरची १९५३ ची मूळ कादंबरी १९७३ मध्ये जशीच्या तशी उभी राहिली नसती. मधल्या काळात खाजगी गुप्तहेर सिनेमात आणि टीव्हीवर इतका वापरला गेला होता की त्याचा कणखरपणा नक्कल वाटू लागला होता. शिवाय कादंबरी लांबलचक, ती सगळी घेतली तर चित्रपट काही तासांनी लांबला असता. तिनं उपकथानकं छाटली.

कादंबरीत गुप्तहेर मार्लो आपल्याला फसवणाऱ्या मित्राला, टेरी लेनॉक्सला, नुसता निरोप देतो. तिच्या पटकथेत तो त्याला गोळी घालतो. चँडलरचे चाहते भडकले, काही अजूनही भडकलेले आहेत. मला हा शेवट न्याय्य वाटतो. सगळा चित्रपट मार्लो मैत्रीच्या एका शब्दावर विसंबून मार खातो, तुरुंगात जातो. तो शब्द खोटा होता हे कळल्यावर त्याच्याकडे दुसरं काय उरतं? ऑल्टमननं याच शेवटासाठी चित्रपट स्वीकारला आणि तो बदलता येणार नाही अशी अट करारात घालून घेतली. सेटवरची मोकळीढाकळी बडबड ऑल्टमन आणि मार्लो झालेल्या एलियट गूल्डची, पण हाडं ब्रॅकेटची. जिची आवडती पटकथा 'एल डोराडो'त मोडली गेली, तिचा शेवट या वेळी दिग्दर्शकानं कायद्यानं बांधून ठेवला, याचा मला फार आनंद वाटतो.

'एम्पायर'मध्ये तिचं लिखाण उरलं आहे का?

थोडं. हॅमिल्टन फेब्रुवारी १९७७ मध्ये गेला. त्याच वर्षाच्या अखेरीस स्टार वॉर्सचा जनक जॉर्ज लुकासनं तिला बोलावलं, दोघांच्या काही दिवस बैठका झाल्या आणि फेब्रुवारी १९७८ मध्ये तिनं पहिला मसुदा हातावेगळा केला. १८ मार्च १९७८ ला कर्करोगानं तिचं निधन झालं. दुरुस्त्या सुचवायला लेखिकाच उरली नाही. पुढचे मसुदे लुकासनं स्वतः लिहिले, मग लॉरेन्स कॅस्डन आला.

बर्फाचा ग्रह, दलदलीतलं शिक्षण, ढगांमधलं शहर आणि तिथला दगा हा सांगाडा तिच्या मसुद्यात आहे, पण मूळ आराखडा लुकासचा होता. सर्वात मोठा फरक म्हणजे तिच्या मसुद्यात खलनायक डार्थ व्हेडर हा नायक ल्यूकचा बाप नाही! ल्यूकच्या वडिलांचा आत्मा स्वतंत्रपणे येऊन मुलाशी बोलतो, आणि ल्यूकला एक बहीण असल्याचंही सांगतो. व्हेडरचा तो धक्का लुकासच्या नंतरच्या मसुद्यातला.

मग नाव का ठेवलं? लुकासला तिच्याबद्दल आदर होता आणि तिचं नाव पडद्यावर असावं ही त्याची इच्छा. काही जण याला नुसतं सौजन्य म्हणतात. ते मला पटत नाही. पहिला पूर्ण मसुदा लिहिणारी व्यक्ती गोष्ट उभी राहते की नाही याची पहिली परीक्षा घेते, आणि इथे ती परीक्षा मरणाच्या दारात असलेल्या बाईनं वेळेत पुरी केली.

तिला पुरस्कार मिळाले का?

ऑस्कर नाही. 'फॉलो द फ्री विंड' या कादंबरीला वेस्टर्न, म्हणजे घोडे-बंदुकांच्या, कथांच्या लेखकांचा स्पर पुरस्कार मिळाला. 'द लाँग टुमॉरो' १९५६ च्या ह्यूगो या विज्ञानकथांच्या पुरस्काराच्या नामांकनात होती. 'एम्पायर'ला १९८१ मध्ये ह्यूगो मिळाला, तिच्या मृत्यूनंतर. आणि २०२० मध्ये 'शॅडो ओव्हर मार्स' या तिच्या जुन्या कादंबरीला पूर्वलक्षी, म्हणजे जुन्या वर्षासाठी मागाहून दिलेला, ह्यूगो मिळाला.

पहिल्यांदा काय पाहावं, काय वाचावं?

'रिओ ब्राव्हो' आधी, मग 'द लाँग गुडबाय'. 'द बिग स्लीप' रहस्य सोडवायला बसू नका, संवादांसाठी बघा. 'एल डोराडो' मात्र 'रिओ ब्राव्हो'नंतर लगेच नको, मध्ये महिनाभर जाऊ द्या. वाचायला 'द लाँग टुमॉरो' घ्या, कारण तिच्या सिनेमांत वाटला गेलेला तिचा आवाज तिथे अखंड ऐकू येतो.

तिची कागदपत्रं कुठे आहेत?

न्यू मेक्सिको राज्यातल्या पोर्टालेस गावी, ईस्टर्न न्यू मेक्सिको विद्यापीठाच्या ग्रंथालयात. 'एम्पायर'चा तिचा मसुदाही तिथल्या संग्रहात आहे.